गोधडीखालचा सिनेमा

मुंबईच्या एका कंपनीने सुलभाबाईंना फसवलं, आणि ते काम माझ्या तोंडून करून घेतलं. सुलभाबाईंनी कोणालाही फसवलेलं नाही. हे आधीच लिहून ठेवतो, कारण पेणच्या खाडीकाठच्या एका गावात गेलं वर्षभर लोक उलटंच बोलत आहेत.

माझा धंदा गाड्या भाड्याने देण्याचा. पेणच्या एसटी स्टँडबाहेर दुसऱ्यांच्या जीपा धुण्यापासून सुरुवात केली, आज स्वतःच्या चार गाड्या आहेत. मधल्या काळात कोणी मला फुकट काही दिलं नाही आणि मीही कोणाला दिलं नाही. माझा आवाज मोठा आहे, राग नाकावर असतो, हे मला माहीत आहे. या लिखाणाचा विषय मी नाही. पण बाईंचं नाव ज्या तोंडाने खराब झालं ते माझं असल्यामुळे एवढी ओळख लागेल.

सुलभाबाई रोह्याच्या. नदीपलीकडे अष्टमी गावात दोन खोल्यांत एकट्या राहतात. माहितीपट काढतात. आमच्याकडे त्यांना 'फिल्लमबाई' म्हणायचे. लडाख, कच्छचं रण, आसामातली नदीतली बेटं, कुठेकुठे जाऊन त्यांनी माणसं आणि जागा टिपल्या. तरी वर्षातले चार महिने त्या पेण आणि रोहा या दोन तालुक्यांतच फिरायच्या. मी एकदा विचारलं, एवढं जग बघितल्यावर इथे काय राहिलं बघायचं? त्या म्हणाल्या, "इथलं अजून नीट दिसलेलं नाही." मला वाटलं चेष्टा करतात. बाई चेष्टा करत नसत.

पहिल्यांदा आल्या तेव्हा भाडं विचारलं नाही. विचारलं, "गाडी किती वेळ उभी ठेवता येईल?"

मी म्हणालो, "बाई, भाडं चालवायचं असतं. उभंच राहायचं असेल तर एखादी भिंत बघा."

"भिंतीला सावली एकाच बाजूला असते," त्या म्हणाल्या. "तुमची गाडी वळवता येईल."

मी उभं राहण्याचा दर दुप्पट सांगितला. त्यांनी मान हलवली. घासाघीस न करणारं गिऱ्हाईक मला आवडत नाही, त्यात काहीतरी गोम असते. गोम अशी निघाली की आम्ही जेमतेम दोन कोस गेलो. खाडीच्या बांधापाशी रस्ता संपतो तिथे त्यांनी गाडी थांबवली आणि सकाळी आठपासून नुसत्या बसून राहिल्या. कॅमेरा पिशवीत. दहा वाजता माझं डोकं फिरलं. विचारलं, चाललंय काय?

"पाणी कुठून येतं ते बघतेय."

"खाडीतून येतं. अजून कुठून येणार?"

"खाडीच्या कुठल्या बाजूने?"

मी तिथून जवळच जन्मलो. समोर बोट दाखवलं. अकराच्या सुमाराला भरती लागली आणि पाणी समोरून आलंच नाही. आमच्या पाठीमागे गवतात एक हातभर रुंदीची चर होती, तिच्यातून ते आधी आत शिरलं. आवाज नाही काही नाही. समोरची खाडी अजून चिखलाने उघडी, आणि आमच्या पाठीला पाणी. बाईंनी त्याच्या थोडंच आधी कॅमेरा काढला होता, आणि तो मागे तोंड करून ठेवला होता. म्हणजे यांना आधीच कळलं होतं. कसं, ते विचारलं तर म्हणाल्या, "खेकडे तिकडून निघून चालले होते." मी त्या दिवशी उभं राहण्याचे पैसे घेतले, पण दुप्पट दर लावला नाही. असं माझ्याकडून क्वचित होतं.

दिसायला बाई अगदी लहानखुऱ्या. अंगात सुती कुडता, त्याला अष्टमीच्या शिंप्याकडून सहा खिसे लावून घेतलेले. कुठल्या खिशात काय हे ठरलेलं. एकात बॅटऱ्या, एकात आवळासुपारी, एकात लेन्स पुसायचं मऊ फडकं. हातात पुरुषी घड्याळ. चिखलात रुतू नयेत म्हणून रबरी चपला पायाला सुतळीने बांधायच्या, आणि मग त्याच चपलांनी मुंबईच्या मोठ्या लोकांच्या कार्यक्रमाला जायच्या, सुतळीसकट.

कुठेही गेल्या की त्या भागातल्या बोलीत 'बसा' कसं म्हणतात ते आधी शिकायच्या. पाणी खुणेने मागता येतं, त्या म्हणायच्या, पण समोरचा 'बसा' म्हणाला आणि आपल्याला कळलं नाही, तर उभ्या उभ्याच परत यावं लागतं. वीस-पंचवीस बोलींत त्यांना 'बसा' येत होतं. महामार्गावरच्या खांब गावी चहाला थांबलो की मी एकेक बोली विचारायचो. त्या अगदी त्या माणसासारखा आवाज काढून दाखवायच्या. शेजारच्या बाकावरचे ट्रकवाले चहा सोडून बघत राहायचे.

आणखी एक खोड. कुठेही शूटिंग संपलं की सगळ्यांना एक मिनिट गप्प उभं करायच्या, जागेचा आवाज घ्यायला. गावचा सरपंच असो नाहीतर बकऱ्यांमागे जाणारी म्हातारी, हललं की त्या एक बोट वर करायच्या. मला धुळीचा त्रास आहे. माझा खोकला त्यांच्या तीन माहितीपटांत आहे. त्यांनी तो काढला नाही. "तूही तिथे होतास ना दामोदर," म्हणाल्या. मला दामूशेठ न म्हणता अख्खं नाव घेणाऱ्या त्या एकट्याच.

पेणमध्ये गणपतीच्या कारखान्यात त्या गेल्या तो प्रसंग सांगतो. तिथे एक आखणी करणारे काका आहेत, म्हणजे मूर्तीचे डोळे रंगवणारे. दर वर्षी टीव्हीवाले येतात आणि काकांना डोळे आखायला लावतात. काका हुशार. आधीच आखलेल्या मूर्तीवर कोरडा ब्रश फिरवतात, श्वास रोखतात, कपाळाला हात लावतात. टीव्हीवाले खूश होऊन जातात. बाईंसमोरही त्यांनी तेच केलं. बाईंनी कॅमेरा चालूच केला नाही. कोपऱ्यात पोत्यावर जाऊन बसल्या. दुसऱ्या दिवशी परत. तिसऱ्या दिवशी परत. कारागीर हसायला लागले. मी बाहेर गाडीत उभं राहण्याचे पैसे मोजत होतो, मला काय.

अकराव्या दिवशी काका त्यांना विसरले. जावयाने घेतलेल्या मोटारसायकलबद्दल शेजारच्याशी तणतणत होते, "त्याला म्हणावं आधी घराला पत्रा घाल, मग फिर भुर्र करत." आणि ते तणतणत असतानाच ब्रश उचलला, रंगात बुडवला, आणि एका ओढीत डोळा आखला. बोलणं थांबलं नाही की हात थांबला नाही. दुसरा डोळा आखताना जावयाच्या बापाचाही उद्धार झाला. सगळं जग म्हणतं डोळे आखताना कारागीर मौन धरतो. हा माणूस भांडतो. ते भांडण आणि ते दोन डोळे बाईंनी टिपले. मी नंतर बघितलं तेव्हा अंगावर काटा आला, का ते मला अजून सांगता येत नाही.

काकांनाही ते दाखवलं. ते कसं, हेच तर खरं सांगायचं आहे.

बाईंच्या गाडीत नेहमी एक जुनी, जाड, काळपट गोधडी असायची. कोणाचंही चित्रण केलं की त्या माणसाला आधी दाखवायचं हा त्यांचा नियम. कॅमेऱ्याचा पडदा काडेपेटीएवढा, आणि आमच्या उन्हात त्यावर काही दिसत नाही. मग त्या ती गोधडी काढायच्या, ज्याचं चित्रण केलं त्याला जवळ बसवायच्या आणि दोघांच्या डोक्यावरून ओढून घ्यायच्या. भर दुपारी रस्त्याच्या कडेला गोधडीचा एक ढीग, त्यातून चार पाय बाहेर, आणि आतून आवाज यायचे, "हा मी व्हय? पोट केवढा दिसतय."

बघून झालं की त्या एकच विचारायच्या, "यातलं काही परत हवंय?" जे परत मागितलं ते पुसायचं. कागद नाही, सही नाही. खाडीकाठी आणि नदीकाठी सगळ्यांना हे ठाऊक झालं होतं. फिल्लमबाईने काढलं की गोधडी येणार, आणि नको असेल ते परत मिळणार.

कोलाडच्या अलीकडे नदीवर एक कातकरी वाडी आहे. तिथे सोनी नावाची बाई दगडांच्या सापटीत हात घालून मासे धरत होती. एक मोठा मासा हातात आला, तिने तो वर धरला आणि इतकी मनापासून हसली की मी, रस्त्यावर उभा, मीही हसलो. बाईंनी ते सगळं घेतलं. नंतर दोघी गोधडीखाली गेल्या. बाहेर आल्यावर सोनी म्हणाली, "हसते ती नको. माझा भाऊ गेला त्याला महिना नाय झाला. लोक काय म्हनतील?"

बाईंनी तिच्यासमोर ते पुसलं.

रोह्यापर्यंत मी भांडत आलो. म्हटलं, "बाई, सबंध आठवड्यात तेवढंच भारी होतं. त्याला बक्षीस मिळालं असतं."

"मिळालं असतं," त्या म्हणाल्या.

"मग?"

"तिचं हसू होतं दामोदर. तिने परत मागितलं. तुझी गाडी कोणी नेली आणि भारी चालवली, म्हणून ठेवून घेऊ देशील का?"

तीस वर्षं त्यांनी असं काम केलं. निम्मं पुसलं असेल. मला तेव्हा तो वेडेपणा वाटायचा. आता कळतं की त्या पुसण्यातून त्यांनी जे कमावलं, ते मी चार गाड्यांतून कमावलं नाही. खाडीकाठच्या कुठल्याही दारात त्या गेल्या की बाया म्हणायच्या, "बस गो बाय." मला आजवर कोणी दारात बस म्हणालेलं नाही. भाडं किती झालं तेवढं विचारतात.

त्यातलीच एक हिराबाई. मिठागरात काम करणारी, सत्तरीपुढची. तिची थोडी शेती खाडीच्या बांधाला लागून होती. एका उधाणात बांध फुटला, खारं पाणी शेतात शिरलं आणि भात गेलं. गावाने चिखलाचे गोळे हातोहात देऊन बांध भरला. पुढच्या उधाणात परत गेला. मग तरुण पोरं कंपनीत शिफ्टला लागली आणि बांध भरायला हातच उरले नाहीत. हे ती बाईंना कितीदा सांगत असे. बाई दर वेळी ऐकत. शेतावर मिठाचा पापुद्रा धरला होता तो हिराबाई नखाने खरवडून दाखवायची.

गेल्या वर्षी मुंबईची ती कंपनी आली. दोन पुरुष, एक मुलगी. कोकणातल्या प्रवासावर कार्यक्रम करत होते. चष्मा लावलेला एक साहेब होता, तो पुढच्या सीटवर माझ्या शेजारी बसायचा. त्याच्याशी मी भाड्यावरून तासभर घासलं. डिझेल वेगळं लावलं, मुक्काम वेगळा लावला, माझ्या जेवणाचेसुद्धा घेतले. मनात म्हटलं, दामू, आज तू जिंकलास. तो हसत हसत सगळ्याला हो म्हणाला आणि शेवटी एवढंच बोलला, "गावात तुमची ओळख असेल ना? तेवढं सांभाळून घ्या."

घासाघीस न करणारं गिऱ्हाईक. मला तेव्हाच कळायला हवं होतं.

गावात शिरल्यावर पारावरच्या माणसांनी विचारलं, "दामूशेठ, कोनाची मानसा ही?" मला त्या दिवशी दुपारी अलिबागचं दुसरं भाडं होतं. खरं सांगितलं असतं तर चौकशीत अर्धा दिवस गेला असता. मी म्हणालो, "बाईंचीच."

एवढा एकच शब्द. दारं उघडली, चहा आला. हिराबाई बांधावर येऊन बसली आणि वीस मिनिटं बोलली. भात गेल्याचं, बांधाचं, पोरांचं. "ही जमीन आता आमची नाय, खाडीची झाली," असं म्हणून पदराने डोळे पुसले. मी तिथेच उभा होतो, मी ऐकलं. मग त्या मुलीने इंग्रजीत छापलेले कागद काढले आणि सगळ्यांचे अंगठे घेतले. लोकांनी दिले. त्यांच्या हिशेबी ही बाईंची माणसं, आणि बाईंकडचं काहीही परत मागता येतं.

अंगठा दिल्यावर हिराबाई घरात गेली आणि स्वतःची गोधडी घेऊन आली.

"आता दाखवा," म्हणाली.

साहेबाने मला विचारलं, "काय म्हणतात या?"

"बघायचंय त्यांना. काय काढलंत ते."

"अहो आजी, मोबाईलवर येईल की," तो म्हणाला, "सगळ्या जगाबरोबर बघा."

ते सामान गाडीत भरेपर्यंत हिराबाई हातावर गोधडी घेऊन उभी होती. मी घड्याळ बघत होतो.

गणपतीच्या आसपास तो कार्यक्रम आला. हिराबाईच्या नातीने मोबाईल पुढे धरला. बांध दिसला, खाडी दिसली, बासरी वाजायला लागली. मग हिराबाई दिसली, बोलताना, डोळे पुसताना. पण तिचा आवाज नाही. त्यावर कोणा बाईचा गोड आवाज: 'हिराबाई सांगतात, ही खाडी आमची आई आहे. तिने आम्हाला भरभरून दिलं. आठवणीने आजही डोळे भरून येतात.'

हिराबाईने ते तीनदा बघितलं. मग विचारलं, "तोंड माजा हाय. बोलतय कोन?"

ज्या पाण्याने तिचं शेत नेलं, त्याचे तिने हात जोडून आभार मानले असं जगाला दिसलं. गावातले लोक तिला हसले. बांध दुरुस्तीसाठी तिनेच सरकारी कचेरीत अर्ज दिला होता. तिथल्या कारकुनाने तोच कार्यक्रम तिला दाखवला, "आजी, तुम्हाला तर भरभरून मिळालंय." ती कचेरीतून परत आली आणि म्हणाली, फिल्लमबाईने माझा तोंड इकला.

सुलभाबाईंना यातलं काही माहीत नव्हतं. नेहमीसारख्या एसटीने आल्या, चालत गावात गेल्या. एकाही दारात कोणी 'बस' म्हणालं नाही. तिथून त्या सरळ पेणला माझ्या ऑफिसात आल्या. चपलांना चिखल तसाच.

"दामोदर, तिथे माझं नाव कोणी घेतलं?"

"मी."

"नेमका काय शब्द म्हणालास?"

सांगितला. त्यांनी तो एकदा स्वतःशी म्हणून बघितला. मला वाटलं आता फुटतील. मीच म्हणालो, "बाई, शिव्या द्या."

"त्याने तुला बरं वाटेल," त्या म्हणाल्या, आणि पाणी मागितलं.

त्यांनी कंपनीला पत्र लिहिलं. उत्तर आलं, सोबत अंगठ्यांच्या कागदांच्या प्रती. सर्वांची लेखी संमती आहे, निवेदन हे 'भावानुवाद' आहे. वकिलाने कागद बघून हात वर केले. मी चष्मेवाल्याला फोन केला, तोंडाला येईल ते बोललो. त्याने नंबर बंद केला.

मग मी गावात गेलो. देवळापुढे माणसं बसली होती, त्यांच्यासमोर उभा राहून सांगितलं की ती माणसं बाईंची नव्हती, मी माझ्या घाईसाठी खोटं बोललो. आयुष्यात पहिल्यांदा कोणापुढे असा उभा राहिलो. मग एक म्हातारा सुपारी कातरत म्हणाला, "दामूशेठ, बाईंकडून किती घेतलस या बोलन्याचे?"

सगळे हसले. खोटं खपवायला माझी ओळख चालली होती, खरं सांगायला ती चालेना. यात त्यांचा दोष नाही. मी त्यांच्याशी इतकी वर्षं जसा वागलो तसंच ते माझ्याशी वागले.

बाईंनी मात्र वाद घातला नाही. दर बुधवारी त्या गावात जायला लागल्या. मी नेतो. उभं राहण्याचे पैसे घेत नाही, हे सांगायची गरज नव्हती, पण लोक विचारतात म्हणून सांगतो.

मागच्या बुधवारी बघितलं ते लिहितो. गाडी बांधाच्या अलीकडे थांबते, पुढे पायवाट. त्या एकट्या गेल्या. खांद्यावर कॅमेऱ्याची पिशवी नाही, तसं त्यांना बघायची मला अजून सवय झालेली नाही, पिशवीच्या भाराने एक खांदा अजून वाकडाच असतो. एकेका दारासमोर थांबत, दोन शब्द बोलत, पुढे जात. हिराबाईच्या अंगणात मात्र त्या उभ्या राहिल्या. दार उघडं होतं. आत माणूस हलताना मला गाडीतूनही दिसत होतं. अर्ध्या तासाने हिराबाई कळशी घेऊन बाहेर आली. बाईंनी बाजूला सरून तिला वाट दिली. ती पाणी घेऊन परत आली तेव्हा परत वाट दिली. हिराबाईने त्यांच्याकडे बघितलं नाही. बाई हलल्या नाहीत. ऊन चढलं, सावली पायाखाली आली, आणि ही बाई, जिने अर्धा देश कॅमेऱ्यातून बघितला, एका बंद न केलेल्या दारासमोर हात बांधून उभी. मी खाली उतरलो, पण पुढे जायची मला लाज वाटली.

परत आल्यावर चपलांची सुतळी सोडत म्हणाल्या, "आज तिने कळशी डाव्या हातात घेतली होती. उजवा खांदा दुखत असणार. पुढच्या बुधवारी तेल आणू."

म्हणून हे लिहिलं. साहेब, तुम्ही माझ्या शेजारच्या सीटवर बसला होतात, हिराबाई रडताना तुम्ही चार हातांवर होतात. ते गोड वाक्य तिच्या तोंडात कोणी घातलं त्याचं नाव सांगा. आणि तुम्ही बाईंची माणसं नव्हतात, एवढं त्या देवळापुढे उभं राहून स्वतःच्या तोंडाने बोला. माझं तिथे कोणी ऐकत नाही, बाई स्वतःसाठी बोलणार नाहीत, आणि तुमचा कागद हिराबाईला वाचता येत नाही. पनवेलला उतरा, मी गाडी घेऊन उभा राहतो. कुठल्या बुधवारी येताय?